जेसन प्लेटो : ९७ विजय, विजेतेपदं मात्र दोनच. असं का?

पिटलेनवाला

फॉर्म्युला वनवर इथे धाग्यांची कमी नाही, पण टूरिंग कारवर कोणी लिहिताना दिसत नाही. म्हणून हा धागा.

जेसन प्लेटो. जन्म १९६७, ऑक्सफर्ड. ब्रिटिश टूरिंग कार चॅम्पियनशिप ऊर्फ बीटीसीसी १९५८ पासून चालू आहे आणि तिच्या इतिहासात सर्वाधिक शर्यती जिंकणारा माणूस हा आहे. ९७ विजय. त्याच्या आधीचा विक्रम अँडी रौजचा, ६०. म्हणजे नुसता मोडला नाही, पार मागे टाकला. पण विजेतेपदं किती? दोन. २००१ आणि २०१०. रौजची चार आहेत, कॉलिन टर्किंग्टनची चार, अ‍ॅश सटनचीही चार. दुसरा क्रमांक प्लेटोला पाचदा मिळाला : २००६, २००७, २००९, २०१४, २०१५.

माझं मत आधीच सांगतो म्हणजे भांडायला सोपं जाईल. शर्यत जिंकणं आणि अख्खं वर्ष जिंकणं ही दोन वेगळी कामं आहेत. पहिल्यात प्लेटोच्या तोडीचा कोणी झाला नाही. दुसऱ्यात तो फक्त चांगला होता.

थोडी पार्श्वभूमी. कार्टिंग, मग सिंगल सीटर (एकच सीट असलेल्या, उघड्या चाकांच्या शर्यतीच्या गाड्या), आणि तिथे पैशांअभावी अडलेली गाडी, म्हणजे ब्रिटनमधल्या निम्म्या ड्रायव्हरांची असते तीच कथा. १९९६ मध्ये त्याने रेनॉ स्पायडर गाड्यांची मालिका जिंकली आणि विल्यम्सच्या टूरिंग कार संघातल्या जागेवर डोळा ठेवला. त्या काळात रेनॉच्या लगुना गाड्या विल्यम्स चालवायचे, तेच फॉर्म्युला वनवाले. नवख्याला तिथे कोण विचारणार? पठ्ठ्याने फ्रँक विल्यम्सना गाठण्यासाठी कारखान्याच्या दारात ठाण मांडलं. ही गोष्ट तो स्वतःच रंगवून सांगतो, त्यामुळे थोडं मीठमसाला धरून चाला. पण चाचणी मिळाली, जागा मिळाली आणि १९९७ च्या हंगामात पहिल्या तिन्ही शर्यतींना पोल पोझिशन, म्हणजे सुरुवातीला सर्वांत पुढची जागा! शेजारच्या गाडीत अ‍ॅलन मेन्यू होता, ज्याने त्या वर्षी १२ शर्यती आणि विजेतेपद नेलं. प्लेटो तिसरा. पहिल्याच वर्षी.

---

कोपऱ्यातला_वाचक

रुमाल टाकून ठेवतो. रात्री सावकाश वाचेन.

---

आडवळण

छान सुरुवात. पण आमच्यासारख्यांसाठी जरा पायरी खाली उतरा ना. टूरिंग कार म्हणजे नेमकं काय? रस्त्यावरचीच गाडी का? आणि एका वर्षात किती शर्यती होतात की ९७ जिंकता येतात?

---

पिटलेनवाला

आडवळण, दिसायला रस्त्यावरचीच. दार, छत, बोनेट शोरूममधल्या गाडीसारखं, आतून सगळं सोलून काढलेलं आणि लोखंडी पिंजरा बसवलेला. २०११ पासून जे नियम टप्प्याटप्प्याने लागू झाले त्यात गिअरबॉक्स, ब्रेक, सबफ्रेम असे बरेच भाग सर्वांना सारखेच असतात आणि इंजिन २ लिटर टर्बो. स्वतःचं इंजिन बांधायची ऐपत नसेल तर आयोजकांनी ठरवून दिलेलं भाड्याने घ्या.

२००४ पासून एका रविवारी तीन शर्यती, असे वर्षात १० रविवार. म्हणजे ३० शर्यती. प्रत्येक शर्यत साधारण वीस-पंचवीस मिनिटांची. प्लेटोच्या काळात बहुतेक वर्षं दुसऱ्या शर्यतीला पहिलीच्या निकालाच्या क्रमाने उभं राहायचं, आणि तिसरीला चिठ्ठी काढून दुसरीतले पहिले काही जण उलटे लावायचे. दुसरीत जिंकलात तर तिसरीत सहाव्या ते दहाव्या जागी कुठेतरी उभे.

शिवाय वजन. जो पुढे त्याच्या गाडीत शिसं भरायचं. शाळेत पळण्यात पहिला आलेल्या मुलाच्या दप्तरात पुढच्या शर्यतीला विटा घालाव्यात तसं. प्लेटोच्या मधल्या काळात ४५ किलो होतं, २०१५ मध्ये ७५ किलोपर्यंत गेलं. २०२२ मध्ये हायब्रिड आल्यावर ते काढलं.

---

हिशेबनीस

धागाकर्त्यांच्या शेवटच्या परिच्छेदातच त्यांच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर आहे. जिंकणाऱ्याला मुद्दाम मागे ओढणारी ही पद्धत आहे. प्रेक्षकांना मजा येते, टीव्हीवाले खूश. पण मग विजेतेपद त्याला मिळतं जो वजन घेऊनही आठवा-नववा येऊन गुण गोळा करतो.

आता आकडे बघू.

२००७ : फॅब्रिझिओ जिओव्हानार्डी ३००, प्लेटो २९७. फरक ३.
२००९ : टर्किंग्टन २७५, प्लेटो २७०. फरक ५.
२०१५ : गॉर्डन शेडन ३४८, प्लेटो ३४४. फरक ४.

२००७ आणि २००९ ला गुणांचा तक्ता होता १५-१२-१०-८-६-५ असा पुढे. म्हणजे २००७ मध्ये एकदा दुसऱ्याऐवजी पहिला आला असता तर बरोबरी. २००९ मध्ये एकदा सहाव्याऐवजी तिसरा. २०१५ ला तक्ता बदललेला होता, २०-१७-१५-१३, तिथे एकदा चौथ्याऐवजी दुसरा. तिन्ही फरक मिळून १२. प्रत्येकी एक जास्तीचा धरा, म्हणजे विजेतेपद निर्विवाद. १५. जुन्या तक्त्यात बरोब्बर एका विजयाचे गुण!

९७ ऐवजी ९८ विजय, फक्त तो एक विजय तीन तुकडे करून योग्य वर्षांत वाटायला हवा होता. मग पाच विजेतेपदं झाली असती आणि हा धागा निघालाच नसता.

---

चार_टायर

हिशेबनीस, गणित सुरेख, पण असं गणित कोणासाठीही मांडता येतं. टर्किंग्टनच्या हुकलेल्या वर्षांचे गुण वाटा की. रौजचे वाटा.

मी टर्किंग्टनचा चाहता आहे हे आधीच सांगतो. प्लेटोपेक्षा कितीतरी कमी शर्यती जिंकून त्याने चार विजेतेपदं नेली, ही चोरी नाही, कला आहे. कुठे घुसायचं नाही हे कळणं. प्लेटोला फट दिसली की तो घुसायचा. कधी फट असायची, कधी तो पाडायचा. टीव्हीवर बघायला झकास, पण आरसा तुटला, स्टिअरिंग वाकडं झालं की पुढच्या दोन शर्यतींचीही वाट. एका रविवारी तीन शर्यती असतात म्हणजे पहिलीतली चूक तीनदा भोवते. पहिलीत बाहेर पडलात की दुसरीत शेवटून सुरुवात.

---

ऑप्ट्रावाला_नाशिककर

अवांतर होईल पण राहवत नाही. २००९ ला प्लेटोने जी शेवरोले लॅसेटी चालवली ती म्हणजे आपली ऑप्ट्रा! तीच गाडी भारतात ऑप्ट्रा नावाने विकली जायची. माझ्याकडे होती. सीट सोफ्यासारखी, ॲव्हरेज विचारू नका. त्या गाडीने कोणी टर्किंग्टनच्या बीएमडब्ल्यूला घाम फोडला असेल यावर घरातलं कोणी विश्वास ठेवत नाही. आणि २०१० ला विजेतेपद आणलं ती क्रूझ, तीही इथे होती, २०१७ मध्ये कंपनीने गाशा गुंडाळेपर्यंत.

अजून मागे जा. २००१ चं विजेतेपद व्हॉक्सॉल अ‍ॅस्ट्रा कूपेवर. व्हॉक्सॉल म्हणजे आपल्याकडची ओपेल. ओपेल अ‍ॅस्ट्रा आठवते का कोणाला? आमच्या कॉलनीत एका डॉक्टरांची होती, लाल.

---

पिटलेनवाला

ऑप्ट्रावाला, अवांतर कसलं, २००९ चा मुद्दाच तुम्ही काढलात.

२००८ च्या शेवटी सिआट कंपनीने संघ बंद केला. प्लेटो २००४ पासून त्यांच्याकडे होता, आधी टोलेडो, मग लिऑन, शेवटी डिझेल लिऑनसुद्धा. अचानक हातात काहीच नाही. हंगाम तोंडावर आलेला आणि अगदी शेवटच्या क्षणी आरएमएल संघाची ही लॅसेटी मिळाली. अशा घाईत जुळवलेल्या गाडीने तो विजेतेपदाच्या शर्यतीत शेवटपर्यंत होता. ब्रँड्स हॅच ट्रॅकवरचा हंगामाचा शेवटचा रविवार : तीन शर्यती, तिन्ही प्लेटोने जिंकल्या. तिन्ही! याहून जास्त त्या दिवशी करण्यासारखं काहीच शिल्लक नव्हतं. तरी पाच गुणांनी गेलं.

हा दिवस माझ्या म्हणण्याचा पुरावा आहे असं मला वाटतं, आणि चार_टायर यांना त्यांच्या म्हणण्याचा वाटेल.

---

चार_टायर

वाटतोच. त्या रविवारी विजेतेपद गेलं नाही, ते आधीच्या रविवारांनी गेलं.

---

केंटकर

इंग्लंडात स्थायिक आहे, ब्रँड्स हॅच गाडीने जवळ. तिथलं वातावरण सांगतो, कारण आकड्यांत ते येत नाही.

पॅडॉक हिल बेंड नावाचं पहिलं वळण आहे. सुरुवातीच्या सरळ रस्त्यावरून गाड्या येतात आणि उजवीकडे वळता वळता जमीनच खाली जाते. वरून बघताना वीस-पंचवीस गाड्या एकदम घसरगुंडीवर सोडल्यासारख्या दिसतात. एकमेकांना दार घासत. तिथे प्लेटोची गाडी आली की अर्धे लोक टाळ्या वाजवायचे आणि अर्धे हुर्यो करायचे. गप्प कोणी नसायचं. टर्किंग्टन अतिशय सभ्य माणूस, त्याच्यासाठी टाळ्या सगळेच वाजवतात, पण हुर्यो कोणी करत नाही. मालिकेला दोन्ही लागतात.

तिकीट काढलेला माणूस पॅडॉकमध्ये, म्हणजे संघांच्या गाड्या उभ्या असतात तिथे, हिंडू शकतो, गाडीचं बोनेट उघडून मेकॅनिक काम करत असतो त्याच्या हातभर अंतरावर. फॉर्म्युला वनमध्ये याचे किती पैसे पडतील विचारा. आणि प्लेटो चाहत्यांशी बोलायला, सही द्यायला कधी कंटाळलेला दिसायचा नाही. ‘फिफ्थ गिअर’ या टीव्ही कार्यक्रमामुळे गाड्यांत रस नसलेल्या लोकांनाही तो ओळखीचा होता.

मॅट नीलबरोबरची दुष्मनी तर जगजाहीर. नील साडेसहा फूट उंच, तीन वेळचा विजेता. २०११ ला रॉकिंगहॅमला क्वालिफायिंगनंतर (सुरुवातीच्या जागा ठरवणारी फेरी) दोघांत हातघाईच झाली. पोराबाळांना घेऊन आलेल्या लोकांनी दुसऱ्या दिवशी जास्त गर्दी केली असेल, मी पैज लावतो.

---

आडवळण

नील हा खासगी संघवाला ना? त्याच्याबद्दल कुठेतरी वाचलं होतं.

---

केंटकर

हो, तोच. ९० च्या दशकात कारखान्यांच्या संघांसमोर खासगी माणसाने शर्यत जिंकणं अशक्य मानलं जायचं, इतकं की आयोजकांनी अडीच लाख पौंडांचं बक्षीस लावलं होतं. १९९९ मध्ये डॉनिंग्टनला नीलने ते खिशात घातलं. त्याच्यावर कोणीतरी वेगळा धागा काढा.

---

ग्रीसचे_हात

मी गाड्यांवर काम करतो, शर्यतीच्या नाही, पण थोडं यांत्रिक अंगाने बोलतो.

प्लेटोच्या गाड्यांची यादी बघा : लगुना, व्हेक्ट्रा, अ‍ॅस्ट्रा, टोलेडो, लिऑन, लॅसेटी, क्रूझ, एमजी ६, फोक्सवॅगन सीसी. एक गोष्ट समान आहे. सगळ्या पुढच्या चाकांवर चालणाऱ्या. अशा गाडीत पुढचे दोन टायर वळायचं, ओढायचं आणि बरंचसं थांबायचं, तिन्ही कामं करतात. ते जाळून न टाकता वेगात नेणं हे वेगळं कसब आहे. मागची चाकं तर नुसती मागे येतात, म्हणून ब्रेक वळणाच्या आत ओढत न्यायचा, मागची बाजू हलकी करून फिरवायची, आणि मग थ्रॉटलने गाडी सरळ खेचायची. प्लेटोने आयुष्यभर हेच केलं आणि या कामात त्याचा हात कोणी धरला नाही.

२०१६ ला त्याच्या संघाने सुबारू लेव्हॉर्ग आणली. स्टेशन वॅगन, बॉक्सर (आडव्या सिलिंडरचं) इंजिन खूप खाली बसवलेलं, आणि ताकद मागच्या चाकांना. प्लेटो तेव्हा ४८ वर्षांचा. सुरुवातीला तर इंधनगळतीने आगीचा धोका म्हणून सगळ्या गाड्या एका रविवारी मागे घ्याव्या लागल्या. पुढच्या वर्षी त्याच संघात २३ वर्षांचा अ‍ॅश सटन आला आणि तशाच गाडीवर विजेता झाला. प्लेटो कुठेच नव्हता. गाडी वाईट होती असं म्हणता येत नाही ना मग. वीस वर्षं हाताला जी सवय लागली तिच्या उलटं वागायला सांगणारी गाडी होती, असं माझं मत.

---

हिशेबनीस

+१. हा प्रतिसाद वाचनखूण म्हणून साठवला. पण एक शंका. २०१७ ला वयाचा भाग किती आणि गाडीचा किती हे कसं वेगळं करणार? कारण २०१९ ला तो परत पुढच्या चाकांच्या अ‍ॅस्ट्रावर आला तेव्हा वर्षभरात जिंकला एकच शर्यत.

---

ग्रीसचे_हात

वेगळं करता येणार नाही. पण शून्यापेक्षा एक जास्त. २०१८ ला सुबारूवर तेवढंही नव्हतं.

---

पिटलेनवाला

आणि तो एक विजय कसा होता बघा! २०१९, ब्रँड्स हॅच, हंगामाची शेवटची शर्यत. विजेतेपदाची लढत टर्किंग्टन, डॅन कॅमिश आणि अँड्र्यू जॉर्डन यांच्यात. कॅमिश विजेता होणार असं दिसत असताना शेवटून दुसऱ्या फेरीत त्याचे ब्रेक गेले, गाडी सरळ भिंतीत. टर्किंग्टन दोन गुणांनी विजेता, चौथ्यांदा. सगळे कॅमेरे, सगळी समालोचनं त्यांच्यावर. शर्यत जिंकली कोणी? प्लेटोने. त्याचा ९७ वा आणि शेवटचा विजय, वयाच्या ५१ व्या वर्षी, ५२ व्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी. दुसऱ्या दिवशी कोणालाही विचारलं असतं तर जिंकलं कोण हे आठवलं नसतं.

२०२० ला तो शर्यतीत उतरलाच नाही. २०२१ अ‍ॅस्ट्रा, २०२२ होंडा सिव्हिक, आणि निवृत्ती. शतकाला तीन कमी. ही तीन मिळवायला तो दोन वर्षं राबला हे उघड होतं, आणि मिळाली नाहीत.

---

कोपऱ्यातला_वाचक

वाचून झालं. नव्वदीत बाद होणारे आपल्याला नवीन नाहीत. :)

एक विचारतो. २००१ ला जिंकल्यावर २००२ चं काय? तुमच्या यादीत २००४ पर्यंत काहीच नाही.

---

पिटलेनवाला

चांगलं पकडलंत. यावर मूळ लेखातच लिहायला हवं होतं इतकं महत्त्वाचं आहे.

२००१ हे विचित्र वर्ष. ९० च्या दशकातल्या सुपर टूरिंग गाड्या इतक्या महाग झाल्या की एकेक कंपनी निघून गेली. रेनॉ १९९९ नंतर, इतरही पाठोपाठ. २००१ ला नवे, स्वस्त नियम आले आणि रांगेत मोजक्याच गाड्या उरल्या. त्यात व्हॉक्सॉलच्या अ‍ॅस्ट्रा सर्वांत वेगवान, त्यामुळे भांडण घरातच : प्लेटो विरुद्ध इव्हान म्युलर. हा तोच म्युलर जो पुढे चार वेळा जागतिक टूरिंग कार विजेता झाला. वर्षभर दोघांनी एकमेकांना सोडलं नाही. शेवटच्या दिवशी ब्रँड्स हॅचला म्युलरच्या गाडीने दगा दिला आणि प्लेटो विजेता झाला.

आणि पुढच्या वर्षी विजेता मालिकेतच नाही! तो गेला अ‍ॅसकारला, म्हणजे अमेरिकेतल्या नॅसकारच्या धर्तीवरची ब्रिटिश मालिका, रॉकिंगहॅमच्या नव्याकोऱ्या ओव्हलवर (लंबगोल ट्रॅक). २००२, २००३ ही दोन वर्षं, वय ३४-३५, ड्रायव्हरचा ऐन काळ, बीटीसीसीच्या हिशेबातून गायब.

---

चार_टायर

हे मात्र टर्किंग्टनबाबतही झालं. २००९ ला प्लेटोला हरवून विजेता, आणि २०१० ला प्रायोजक गेल्यामुळे जागाच नाही. गतविजेता मालिकेत नसताना प्लेटोने २०१० जिंकलं, हे नोंदवून ठेवतो. २०१४ ला परत विजेता, परत प्रायोजक गेला, परत संघ सोडावा लागला. आणि गेला कुठे? २०१५ ला प्लेटोच्याच संघात.

त्यामुळे ‘दोनच विजेतेपदं’ हा हिशेब करताना किती वर्षं हातात जिंकण्यासारखी गाडी होती हे धरावं लागेल. दोघांच्याही.

---

केंटकर

२०१५ निघालंच आहे तर सांगतो, तो शेवटचा रविवार काय होता! तिसऱ्या शर्यतीला शेडन एकोणिसाव्या जागेवर, प्लेटो पुढे. सगळ्यांनी प्लेटोचं अभिनंदन मनातल्या मनात करून टाकलं होतं. प्लेटोने शर्यत जिंकली सुद्धा. आणि तिकडे शेडन एकेक गाडी खात चौथा आला. चार गुणांनी गेलं.

म्हणजे २००९ आणि २०१५, दोन्ही वेळा शेवटची शर्यत प्लेटोने जिंकली आणि दोन्ही वेळा ट्रॉफी दुसऱ्याने उचलली. पिटलेनवाला, तुमचा ‘वर्ष जिंकता येत नाही’ हा मुद्दा मला यामुळेच पटत नाही. ज्याला दडपण झेपत नाही तो अशा दिवशी चुकतो. हा चुकला नाही.

---

पिटलेनवाला

केंटकर, दडपणाबद्दल मान्य. ते मी म्हणत नव्हतो. शेवटच्या दिवशी त्याच्याइतका भरवशाचा माणूस नाही. माझं म्हणणं मे-जूनबद्दल आहे. थ्रक्स्टनसारख्या ठिकाणी, जुन्या हवाई तळावरचा तो सुसाट ट्रॅक, टायर फाटतात, तिथे वजन घेऊन सहावा येण्यात समाधान मानायला हवं. प्लेटोला सहावा क्रमांक म्हणजे अपमान वाटायचा. २००९ ला नेमका एक तिसरा आणि सहावा यांच्यातलाच फरक पडला, हे हिशेबनीसांनीच दाखवलं.

आणि हो, रौजशी तुलना करताना एक लक्षात ठेवा. रौजच्या काळात बहुधा एका दिवशी एकच शर्यत असायची, त्यामुळे ६० हा आकडा दिसतो त्याहून मोठा आहे. शिवाय तो स्वतः इंजिनिअर, गाड्या स्वतः बांधायचा. चार विजेतेपदं चार वेगवेगळ्या गाड्यांवर : ट्रायम्फ डोलोमाइट, अल्फा, रोव्हर, फोर्ड. प्लेटोचाच चाहता असूनही सर्वश्रेष्ठ कोण म्हणाल तर मी रौजचं नाव घेईन.

---

हिशेबनीस

धागाकर्ताच फुटला!

---

आडवळण

प्रतिसाद वाचून उत्सुकता वाढली. एकच दिवस बघायचा असेल तर कुठला बघू? आणि आपल्याकडे असं काही आहे का?

---

पिटलेनवाला

आपल्याकडे टूरिंग कार शर्यती चेन्नई आणि कोइम्बतूरला होतात. महाराष्ट्रात गाड्यांचे कारखाने चाकणभर, शर्यती मात्र तिकडे.

बघायचं तर २००९ चा ब्रँड्स हॅच, तिन्ही शर्यती ओळीने. मधे थांबू नका, शिसं भरलेली गाडी ब्रेकला कशी जड होते ते कळेल. त्यानंतर प्लेटोच्या आधीचा काळ म्हणून १९९२ चा सिल्व्हरस्टोन : जॉन क्लेलंड आणि स्टीव्ह सोपर एकमेकांवर आदळतात आणि विजेतेपद टिम हार्वे घेऊन जातो. त्यावर चूक कोणाची हा वाद सुरू करायचा असेल तर नवा धागा काढा, इथे नको.